२८१ भाग, एकच लेखक: जर्मन पटकथाकार हर्बर्ट राइनेकर यांची कारकीर्द

‘डेरिक’ या जर्मन पोलीस-मालिकेचा पहिला भाग २० ऑक्टोबर १९७४ रोजी प्रक्षेपित झाला आणि शेवटचा १६ ऑक्टोबर १९९८ रोजी. या चोवीस वर्षांत तिचे २८१ भाग झाले. प्रत्येक भाग साधारण तासाभराचा, प्रत्येकाची गोष्ट स्वतंत्र, आणि प्रत्येकाच्या श्रेयनामावलीत पटकथाकार म्हणून एकच नाव: हर्बर्ट राइनेकर. झेडडीएफ या त्याच जर्मन वाहिनीवर त्याआधी सुरू झालेल्या ‘डेर कोमिसार’ नावाच्या मालिकेचे ९७ भाग झाले आणि तेही सगळे त्यांनीच लिहिले होते. दोन्ही मिळून ३७८ भाग होतात. पडद्यावरच्या एका मिनिटाला कागदावरचे एक पान, असा पटकथेचा ढोबळ हिशेब असतो. त्या हिशेबाने ही बावीस हजारांहून अधिक पाने भरतात, आणि त्यांत त्यांचे चित्रपट, नाटके व कादंबऱ्या धरलेल्या नाहीत.

दैनंदिन मालिकांची सवय झालेल्या मराठी प्रेक्षकाला २८१ हा आकडा किरकोळ वाटण्याची शक्यता आहे, कारण आपल्याकडे मालिका वर्षभरातच तेवढा पल्ला गाठते. परंतु आपल्याकडे गोष्ट एकच असते, ती रोज थोडी पुढे सरकवायची असते आणि लिहिणारे हातही एकाहून अधिक असतात. राइनेकर यांना मात्र दर वेळी नवा खून, नवे कुटुंब, नवे कारण आणि नवा शेवट शोधावा लागे, आणि तोही सरासरीने महिन्याला एक. हे एका माणसाला कसे जमले, हा प्रश्न जर्मनीतील दूरचित्रवाणीची घडण समजून घेतल्याशिवाय सुटत नाही. आणि त्या माणसाची कारकीर्द समजून घ्यायची तर १९४५ च्या अलीकडे थांबून चालत नाही.

आधी एका शब्दाविषयी. जर्मन भाषेत पटकथेला ‘ड्रेबूख’ म्हणतात, म्हणजे शब्दशः ‘चित्रीकरणाचे पुस्तक’. आपल्या श्रेयनामावलीत कथा, पटकथा आणि संवाद अशा तीन ओळी असतात, आणि त्या तीन ओळींवर बरेचदा तीन नावेही असतात. जर्मन श्रेयनामावलीत हे सगळे ‘बूख’ या एका शब्दात येते. लेखक प्रथम काही पानांचा आराखडा देतो, तो मान्य झाला की प्रसंगवार विस्तार लिहितो आणि अखेरीस संवादांसह संपूर्ण पटकथा. या प्रत्येक टप्प्यावर होकार किंवा नकार देणारी व्यक्ती वाहिनीच्या नोकरीत असते. तिला ‘रेडाक्टर’ म्हणतात. शब्दाचा अर्थ संपादक असा असला, तरी तिचे काम शुद्धलेखन तपासण्याचे नसते. कोणती गोष्ट होईल, ती किती वाजता दाखवली जाईल आणि प्रेक्षकाला काय झेपेल, हे ठरवणारी ती व्यक्ती असते. लेखक मात्र स्वतंत्र व्यावसायिक असतो. त्याला महिन्याचा पगार नसतो, कामागणिक मानधन असते.

राइनेकर यांचा जन्म २४ डिसेंबर १९१४ रोजी पश्चिम जर्मनीतील हागेन या औद्योगिक शहरात झाला. हिटलर सत्तेवर आला तेव्हा ते अठरा वर्षांचे होते, आणि त्यांच्या लेखनाची सुरुवात त्या राजवटीच्या युवक-संघटनेच्या नियतकालिकांत झाली. बर्लिनमध्ये त्यांनी अशा नियतकालिकाचे संपादनही केले. महायुद्धात ते वाफेन-एसएसच्या प्रचार विभागात युद्धवार्ताहर होते. एसएस ही नाझी पक्षाची खास सशस्त्र संघटना होती आणि वाफेन-एसएस ही तिची आघाडीवर लढणारी शाखा. सक्तीने बंदूक हाती दिलेला साधा शिपाई आणि लेखणीने राजवटीची बाजू लढवणारा वार्ताहर यांत फरक आहे, आणि राइनेकर दुसऱ्या प्रकारात मोडतात.

त्यांचे चित्रपटातील पहिले महत्त्वाचे कामही याच काळातले आहे. १९४४ मध्ये ‘युंगे आडलर’, म्हणजे ‘तरुण गरुड’, हा चित्रपट प्रदर्शित झाला. दिग्दर्शक आल्फ्रेड वाइडेनमान यांच्यासह त्याची पटकथा राइनेकर यांनी लिहिली होती. विमानांच्या कारखान्यातील शिकाऊ मुले, त्यांच्यातील एक उर्मट श्रीमंत पोरगा आणि सामूहिक कामातून त्याचे सुधारणे, अशी ती गोष्ट. चित्रपट प्रदर्शित झाला तेव्हा जर्मनी युद्ध हरण्याच्या वाटेवर होता आणि पडद्यावरच्या मुलांपेक्षा थोडीशीच मोठी असलेली खरी मुले आघाडीवर जात होती. पुढे युरोपभर नाव कमावलेला अभिनेता हार्डी क्र्यूगर याच चित्रपटातून प्रथम पडद्यावर आला.

युद्धानंतर अशा लेखकाची कारकीर्द संपायला हवी होती, असे आज वाटते. ती संपली नाही. पश्चिम जर्मनीत नाझी राजवटीशी असलेल्या संबंधांची छाननी झाली. पण शीतयुद्ध तापू लागले, तशी ती सैल पडत गेली आणि न्यायालयांपासून विद्यापीठांपर्यंत जुनी माणसे आपापल्या जागी परतली. चित्रपटव्यवसाय त्याला अपवाद नव्हता. लेखकाच्या बाबतीत तर हे आणखी सोपे होते, कारण नट पडद्यावर दिसतो आणि लेखकाचा चेहरा कोणालाच ठाऊक नसतो.

१९५४ मध्ये राइनेकर आणि वाइडेनमान ही जोडी ‘कानारिस’ या चित्रपटात पुन्हा एकत्र आली. अ‍ॅडमिरल कानारिस हे जर्मन लष्करी गुप्तहेर खात्याचे प्रमुख. हिटलरविरोधकांशी असलेल्या संबंधांमुळे एप्रिल १९४५ मध्ये त्यांना फाशी देण्यात आली. चित्रपटातील कानारिस हे आतून राजवटीला विरोध करणारे सुसंस्कृत अधिकारी आहेत. पुढच्याच वर्षी पश्चिम जर्मनीचे नवे सैन्य उभे राहणार होते आणि ‘सैनिक चांगला होता, सत्ताधारी वाईट होते’ असे सांगणारी गोष्ट त्या समाजाला हवीच होती. या पटकथेसाठी राइनेकर यांना १९५५ चा राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार मिळाला.

त्याच वर्षीचा ‘मुले, माता आणि एक सेनापती’ हा चित्रपट अधिक लक्ष देण्याजोगा आहे. राइनेकर यांच्याच कादंबरीवर तो बेतला होता. युद्धाच्या अखेरच्या महिन्यांत शाळकरी मुले परस्पर आघाडीवर निघून जातात आणि त्यांच्या आया त्यांना परत आणायला तोफांच्या माऱ्याकडे चालत जातात. ‘तरुण गरुड’ शेजारी ठेवून पाहिला, तर हा चित्रपट त्याच पोरांची दुसरी बाजू सांगतो. कारखान्यात ज्यांना पंख लावून दिले, त्यांना आता घरी कोण आणणार, हा त्याचा प्रश्न आहे. नाझी काळात देश सोडावा लागलेले ज्यू निर्माते एरिक पोमर यांनी परत येऊन त्याची निर्मिती केली, आणि दिग्दर्शक लास्लो बेनेडेक हे हंगेरीत जन्मून अमेरिकेत स्थायिक झालेले होते. एसएसच्या माजी वार्ताहराचे पुस्तक आणि निर्वासित निर्माता एका चित्रपटात कसे आले, हे त्या दशकातील जर्मन चित्रपटसृष्टीचे कोडे थोडक्यात दाखवते. माझ्या मते राइनेकर यांच्या चित्रपटांतील हाच सर्वांत प्रामाणिक आहे. मात्र दोनच वर्षांनी, पुन्हा वाइडेनमान यांच्यासाठी, त्यांनी ‘आफ्रिकेचा तारा’ ही एका लढाऊ वैमानिकाची गौरवगाथा लिहिली, त्यामुळे प्रायश्चित्ताची सरळ रेषा काही त्यांच्या कारकिर्दीत सापडत नाही.

पुढे ते रहस्यकथांकडे वळले. एडगर वॉलेस या इंग्रज लेखकाच्या कथांवर बेतलेल्या जर्मन चित्रपटांची साठच्या दशकात लाटच आली होती. धुके, जुने वाडे, कर्कश किंकाळी आणि शेवटी उघडा पडणारा खुनी, असा त्यांचा साचा होता. ‘डेर हेक्सर’ या १९६४ च्या गाजलेल्या चित्रपटाची पटकथा राइनेकर यांची आहे. ‘अ‍ॅलेक्स बेर्ग’ या टोपणनावानेही त्यांनी बरेच लिहिले.

पण चित्रपटगृहांचा पाया तोवर ढासळू लागला होता. पश्चिम जर्मनीत १९५६ साली चित्रपटांची ८१ कोटींहून अधिक तिकिटे विकली गेली होती. १९७० पर्यंत हा आकडा पाव हिश्शाहूनही खाली आला. प्रेक्षक घरातल्या पेटीसमोर जाऊन बसला होता. शिवाय १९६२ साली ओबरहाउझेन येथे २६ तरुण चित्रपटकर्त्यांनी जाहीरनामा काढून जुना चित्रपट संपल्याचे सांगितले. त्यांच्या कल्पनेतील चित्रपटाचा खरा लेखक हा दिग्दर्शकच होता. त्याने स्वतः लिहावे आणि स्वतः घडवावे. याचा एक परिणाम फारसा बोलला जात नाही. निव्वळ पटकथा लिहिणाऱ्या माणसाला या नव्या प्रतिष्ठित चित्रपटात जागाच उरली नाही. ज्याला फक्त लिहून पोट भरायचे होते, त्याला दूरचित्रवाणीचा रस्ता धरावा लागला.

आणि त्या रस्त्यावर तेव्हा नुकतीच एक नवी इमारत उभी राहिली होती. जर्मनीतील सार्वजनिक प्रसारण सरकारी नाही आणि खासगीही नाही. घरोघरी गोळा होणाऱ्या शुल्कावर ते चालते, आणि त्यावर देखरेख करणाऱ्या मंडळांत पक्ष, चर्च, कामगार संघटना असे समाजाचे निरनिराळे घटक बसतात. १९५० मध्ये प्रादेशिक केंद्रांनी मिळून एआरडी हा संघ स्थापला. सरकारच्या मर्जीने चालणारी दुसरी वाहिनी काढण्याचा चॅन्सेलर आडेनाउअर यांचा बेत १९६१ मध्ये घटना न्यायालयाने हाणून पाडला, आणि मग राज्यांनी आपसांत करार करून जी वाहिनी काढली ती झेडडीएफ. १ एप्रिल १९६३ रोजी तिचे प्रक्षेपण सुरू झाले. खासगी वाहिन्या यायला १९८४ उजाडले. म्हणजे वीसेक वर्षे बहुतेक घरांत निवड होती ती दोनतीन वाहिन्यांतच, आणि शुक्रवारी रात्री सव्वाआठला जे लागेल ते निम्मा देश पाहत असे.

झेडडीएफला कार्यक्रम हवे होते. निर्माते हेल्मुट रिंगेलमान यांनी राइनेकर यांच्याकडून आधी तीन भागांच्या रहस्यकथा लिहून घेतल्या आणि जानेवारी १९६९ मध्ये ‘डेर कोमिसार’ सुरू केली. मालिका कृष्णधवल होती आणि १९७६ मध्ये संपेपर्यंत तशीच राहिली. म्युनिकच्या पोलीस खात्यातील प्रौढ अधिकारी केलर आणि त्याचे तीन साहाय्यक दर वेळी एका घरात शिरत आणि त्या घराचे झाकलेले दुखणे बाहेर काढत. तिच्यातील हॅरी क्लाइन हा तरुण साहाय्यक पुढे ‘डेरिक’मध्ये बदली होऊन गेला. त्याची भूमिका करणाऱ्या फ्रिट्झ वेपर यांच्या रिकाम्या जागी त्यांचे सख्खे भाऊ एल्मार वेपर आले, तेही पात्राचा भाऊ म्हणूनच. दूरदर्शनवर एके काळी ‘द ओल्ड फॉक्स’ या नावाने दाखवलेली जर्मन मालिका ज्यांना आठवते, त्यांना या वातावरणाची कल्पना येईल. तिचे मूळ नाव ‘डेर आल्टे’, आणि निर्माते हेच रिंगेलमान. मात्र तिला अनेक लेखक होते.

आता मूळ प्रश्नाकडे. एक माणूस इतके लिहू शकला, त्याचे पहिले कारण साचा. ‘डेरिक’च्या भागात पाठलाग, स्फोट, गोळीबार जवळजवळ नसतात. चार-पाच ठिकाणे असतात: एक बंगला, एक मद्यगृह, एक कार्यालय, पोलीस ठाणे. गुन्हेगार बहुधा सराईत नसतो. तो डॉक्टर असतो, कारखानदार असतो, कोणाचा तरी बाप असतो. म्युनिकच्या श्रीमंत उपनगरातील दिवाणखान्यात घंटी वाजते, दार उघडते, उंच आणि जड पापण्यांचा डेरिक आत येतो आणि घरातले सगळे एकदम गप्प होतात. पुढचा तास बोलण्यातच जातो. या बोलण्याची एक खास लय होती. नमुना म्हणून मी स्वतः रचलेल्या चार ओळी देतो:

“काल रात्री तुम्ही घरी होता?”
“घरी?”
“घरी.”
“होतो. म्हणजे, असायला हवा होतो.”

प्रश्न परत येतो, शब्द हातात धरून उलटसुलट पाहिला जातो आणि उत्तरात एक फट पडते. वाचताना हे वेळकाढू वाटते, आणि टीकाकारांनी त्याची भरपूर टिंगलही केली. पण चांगला नट मिळाला की त्या फटीत बरेच काही दिसते, आणि जर्मन रंगभूमीवरचे उत्तम नट या मालिकेत पाहुणे म्हणून येत असत. शिवाय असे संवाद चित्रित करायला स्वस्त पडतात, भाषांतराला सोपे जातात आणि कोणत्याही देशात समजतात. ‘डेरिक’ शंभराहून अधिक देशांत विकली गेली, त्यात या साधेपणाचा वाटा मोठा आहे. इटलीपासून चीनपर्यंत प्रेक्षकांनी जर्मन माणूस पाहिला तो या सभ्य, थकलेल्या आणि अविवाहित पोलिसाच्या रूपात.

पहिल्या भागाचे नाव ‘जंगलवाट’. वसतिगृहात राहणाऱ्या एका विद्यार्थिनीचा खून होतो आणि खुनी शिक्षक कोण, हे प्रेक्षकाला सुरुवातीलाच कळते. उरतो तो फक्त ‘डेरिक त्याला कसा गाठणार’ हा प्रश्न. अमेरिकेतील ‘कोलंबो’ या पोलीस-मालिकेची हीच पद्धत होती. जर्मन प्रेक्षकांना मात्र अंदाज बांधायची सवय होती, तक्रारी आल्या, आणि हळूहळू मालिका ‘खुनी कोण’ या ओळखीच्या रचनेकडे वळली. तरीही लेखकाचा जीव खुनी शोधण्यात फारसा कधी रमला नाही. अपराधाचे ओझे माणूस कसे वाहतो, घरातली माणसे माहीत असूनही कशी गप्प राहतात, आणि गप्प राहणाराही दोषी असतो का, हे त्याचे खरे विषय होते. सत्तरच्या दशकातील भागांत ते घट्ट आणि थंडपणे येतात. नव्वदच्या दशकात मात्र डेरिक समाजाच्या अध:पतनावर प्रवचने देऊ लागतो आणि ती ऐकवत नाहीत.

दुसरे कारण व्यवस्थेचे. लेखक, निर्माता आणि वाहिनी यांच्यात इतका विश्वास बसला होता, की मधल्या पायऱ्यांवर वेळ जात नसे. दिग्दर्शक बदलत राहिले, आणि त्यांत जुने सहकारी वाइडेनमान हेही होते. पण शब्द राइनेकर यांचे. त्या काळच्या करारांत पुनःप्रक्षेपणाचे वेगळे मानधन मिळे, त्यामुळे यशस्वी मालिकेच्या लेखकाला जुन्या कामातूनही उत्पन्न येत राही. पुढे एकरकमी करारांचे प्रमाण वाढले आणि हा आधार कमकुवत झाला.

राइनेकर यांच्यासारखी सत्ता मिळणे हा अपवादच होता, हेही सांगायला हवे. एआरडीची ‘टाटोर्ट’ ही मालिका नोव्हेंबर १९७० पासून आजतागायत चालू आहे. तिच्यात प्रत्येक शहराचा पोलीस वेगळा, प्रत्येक केंद्राचा संपादक वेगळा आणि लेखकही दर वेळी बहुधा वेगळा. बहुसंख्य जर्मन पटकथाकारांची कारकीर्द अशी तुकड्यातुकड्यांची असते: एका केंद्रासाठी एक भाग, दुसऱ्यासाठी एक दूरचित्रपट, मध्ये नाकारलेले चार आराखडे. लिहून दिलेली पटकथा दिग्दर्शक परस्पर बदलतो, उद्घाटनाच्या खेळाला लेखकाला बोलावणेही राहून जाते. या वागणुकीला कंटाळून २०१८ मध्ये नव्वदहून अधिक पटकथाकारांनी ‘कोन्ट्राक्ट १८’ या नावाने जाहीर अटी मांडल्या. दिग्दर्शकाच्या निवडीत लेखकाचे मत घ्यावे, पटकथेच्या सामूहिक वाचनाला त्याला बोलवावे, संकलनाचा पहिला खर्डा त्याला दाखवावा, त्याच्या संमतीशिवाय दुसऱ्याने मजकूर बदलू नये, अशा त्या अटी होत्या. राइनेकर यांना हे सगळे न मागता मिळाले होते, आणि ज्या पिढीने ते मागितले, तिचा त्यांच्या लेखनाशी फारसा स्नेह नव्हता, ही गंमतच म्हणायची.

१९९० मध्ये राइनेकर यांनी आत्मचरित्र प्रसिद्ध केले. त्याच्या नावाचा अर्थ ‘स्वतःच्या जीवनक्रमाचा आधार घेऊन केलेला कालवृत्तान्त’ असा होतो. आत्मचरित्राच्या नावातच ‘मी’ मागे सरकला आहे आणि ‘काळ’ पुढे आला आहे. ज्या लेखकाने पडद्यावरच्या शेकडो गृहस्थांना डेरिकसमोर बसवून “तुम्ही तेव्हा कुठे होता?” असे विचारायला लावले, त्याने स्वतःच्या बाबतीत साक्षीदाराची खुर्ची निवडावी, हे मला त्यांच्या कोणत्याही पटकथेपेक्षा अधिक बोलके वाटते. काही अभ्यासकांना ‘डेरिक’मधील अपराधाचा सततचा विचार हीच त्यांची आडवळणाची कबुली वाटते. मला तेवढे खात्रीने म्हणवत नाही, कारण मालिकेत अपराध नेहमी एका कुटुंबाचा असतो, एका रात्रीचा असतो. राज्यव्यवस्थेचा तो जवळजवळ कधीच नसतो.

२७ जानेवारी २००७ रोजी श्टार्नबेर्ग सरोवराकाठच्या गावी, वयाच्या ९२ व्या वर्षी त्यांचे निधन झाले. डेरिकची भूमिका करणारे होर्स्ट टापर्ट पुढच्या वर्षी गेले. २०१३ मध्ये जुन्या कागदपत्रांतून उघड झाले, की टापर्ट हेही तरुणपणी वाफेन-एसएसमध्ये होते आणि त्यांनी ते जन्मभर जवळजवळ झाकून ठेवले होते. मोठा गदारोळ झाला आणि झेडडीएफने ‘डेरिक’चे पुनःप्रक्षेपण यापुढे करणार नसल्याचे जाहीर केले. नटाचा भूतकाळ कळायला जुनी कागदपत्रे उकरावी लागली होती. लेखकाचा भूतकाळ मात्र कधी लपलेलाच नव्हता. तो १९४४ च्या एका चित्रपटाच्या श्रेयनामावलीत नावानिशी छापलेला होता, आणि तेच नाव चोवीस वर्षे ‘डेरिक’च्या प्रत्येक भागावर झळकत होते.